मोटर कोणाच्या हुकमाने चालू झाली?

प्रश्न थोडक्यात सांगते. अंबडकडच्या एका तरुणाने शेतातल्या मोटरसाठी मोबाइल स्टार्टर बनवलाय. डब्यात ईएसपी३२ ही छोटी संगणक-चिप, सोबत मोबाइल डेटासाठी फोर-जी मॉड्यूल, सर्व्हरशी बोलणं एमक्यूटीटीवरून, म्हणजे यंत्रांनी एकमेकांना छोटे निरोप पाठवायच्या पद्धतीने. १४० डबे विकले गेलेत. आता जालन्याचा एक डीलर हजाराची ऑर्डर द्यायला तयार आहे, पण त्याने विचारलं, “हे हॅक तर होणार नाही ना?” म्हणून या भावाने सगळे निरोप एईएस-२५६ या अल्गोरिदमने कूटबद्ध केले. किल्ली, म्हणजे ते उघडणारा गुप्त आकडा, कोडमध्येच, सगळ्या डब्यांना एकच. कोडच्या चार ओळीही दिल्यात. एवढं पुरे, की याहून भारी अल्गोरिदम लावू, असा त्याचा प्रश्न. आणि जाता जाता एक ओळ: घनसावंगीकडच्या एका गिऱ्हाइकाची मोटर रात्री दोनला लाईट आल्यावर आपोआप चालू झाली, ते हॅकिंग असेल का? प्रश्न ‘सर लोकांना’ विचारलाय. मी ताई आहे, पण वाळूजला वीस वर्षं असलेच डबे बनवत आलेय, तेव्हा उत्तर द्यायला हरकत नसावी.

भाऊ, मी तुमच्या शेवटच्या ओळीपासून सुरू करते. ती तुम्ही सहज लिहिली असेल, पण बाकीचा सगळा प्रश्न तिच्या पोटात आहे.

आधी त्या गिऱ्हाइकाला विचारा, स्टार्टरला जुना ऑटो स्विच तसाच आहे का. लाईट कधी येईल याचा नेम नाही, म्हणून लोक ऑटो लावून ठेवतात. थ्री फेज आली की मोटर आपोआप उचलते. तुमचा डबा बसवताना वायरमनने तो ऑटो काढला नसेल तर विषय तिथेच मिटला. ऑटो नसेल, तर मात्र माझा संशय तुमच्या ब्रोकरवर आहे, म्हणजे सर्व्हरवर निरोप इकडून तिकडे पोचवणाऱ्या प्रोग्रामवर. एमक्यूटीटीत निरोप पाठवताना ‘रिटेन’ची खूण करता येते. ती केली की ब्रोकर शेवटचा निरोप जपून ठेवतो आणि त्या टॉपिकला, म्हणजे निरोपाच्या त्या विषयाला, कोणीही नव्याने जोडलं गेलं की लगेच त्याच्या हातात देतो. टाकीत पाणी किती, व्होल्टेज किती, अशा माहितीसाठी ही सोय उत्तम. हुकमासाठी घातक. संध्याकाळी शेतकऱ्याने ‘चालू’ दाबलं, मोटर चालली, लाईट गेली. रात्री दोनला लाईट आली, डबा जागा झाला, ब्रोकरला जोडला गेला आणि ब्रोकरने संध्याकाळचा तोच ‘चालू’ पुन्हा त्याच्या हातावर ठेवला. डब्याने इमानाने मोटर उचलली. मी पूर्ण कोड पाहिलेला नाही, पण पैज लावायची झाली तर यावर लावीन.

आता यात बघा. किल्ली कोणी फोडली नाही. एईएस-२५६ जागच्या जागी होतं. निरोप खरा होता, तुमच्याच सर्व्हरचा होता, फक्त शिळा होता. शिळा हुकूम ताजा म्हणून पाळला गेला, एवढंच. आणि जे तुमच्या ब्रोकरच्या हातून चुकून झालं, तेच दुसरा कोणी मुद्दाम करू शकतो.

म्हणून आधी हे ठरवा की तुम्ही नेमकं काय सांभाळताय. मोटर चालू आहे हे गुपित नाही. रात्री अख्ख्या शिवाराला तिचा आवाज जातो. कूटबद्ध करणं म्हणजे मजकूर लपवणं, आणि तुमच्या निरोपात लपवण्यासारखं फार थोडं आहे. तुम्हाला पाहिजे ते वेगळं: हुकूम खरोखर त्या मालकाकडून आला का, मध्ये कोणी बदलला का, आणि तो आत्ताचा आहे का. या तीन प्रश्नांची उत्तरं नुसतं एईएस देत नाही. तुमच्या डब्यात आज ती कुठेच नाहीत.

तुमच्या चार ओळींत ईसीबी पद्धत दिसतेय, म्हणून तिच्यावर थोडं. एईएस एका वेळी १६ बाइटचा तुकडा घेतं. ईसीबीत प्रत्येक तुकडा सुटा कूटबद्ध होतो, त्यामुळे तोच मजकूर, तीच किल्ली, तर बाहेर पडणारे १६ बाइटही दरवेळी तेच. म्हणजे तुमच्या ‘चालू’ची एक ठरलेली आकृती आहे आणि ‘बंद’ची एक. आठ दिवस बघत बसणाऱ्याला अर्थ लावायला किल्ली कशाला लागेल? मोटरचा आवाज ऐकायचा आणि बाइट टिपायचे. मग तेच बाइट उचलून पुन्हा पाठवायचे. वर सगळ्या डब्यांची किल्ली एकच, म्हणून घनसावंगीत टिपलेला ‘चालू’ परतूरच्या डब्यालाही कळतो.

तुम्ही म्हणाल, फोर-जीवर ऐकणार कोण? बरोबर, हवेतलं फोर-जी ऐकणं गल्लीतल्या पोराचं काम नाही. पण ऐकायला हवेत जायची गरजच नाही. तुमचा ब्रोकर बहुतेक १८८३ पोर्टवर, म्हणजे एमक्यूटीटीच्या साध्या, न झाकलेल्या दारावर, उघडा आहे आणि सगळ्या डब्यांचं युजरनेम-पासवर्ड एकच आहे. एक डबा विकत घेऊन तो पासवर्ड काढला, ब्रोकरला जोडलं आणि सगळे टॉपिक मागणारं ते हॅशचं चिन्ह टाकलं, की १४० शेतांचं बोलणं बसल्या जागी ऐकू येतं.

या १८८३ची एक गंमत. ऑगस्ट केरखॉफ्स याने लष्करी कूटलेखनावरचा आपला प्रसिद्ध लेख लिहिला तो इ. स. १८८३मध्ये. त्यातलं तत्त्व आजही पहिल्या धड्यात शिकवतात: किल्ली सोडून बाकी सगळी यंत्रणा शत्रूच्या हातात पडली तरी ती टिकली पाहिजे. आणि आपण त्याच आकड्याच्या उघड्या पोर्टवर हुकूम पाठवतो. निव्वळ योगायोग आहे, पण पोरांना शिकवताना मला उपयोगी पडतो.

अल्गोरिदम ‘भारी’ करण्याचा विषय दोन ओळींत संपवते. एईएस हे दोन बेल्जियन संशोधकांचं, डेमन आणि रायमन यांचं काम. अमेरिकेने ते २००१मध्ये मानक म्हणून घेतलं. १२८ बिटांची किल्लीसुद्धा तुमच्या-माझ्या हयातीत कोणी नुसतं मोजून फोडणार नाही. लहान उपकरणांसाठी २०२३मध्ये निवडलेलं अ‍ॅस्कॉन चांगलं आहे, पण ईएसपी३२मध्ये एईएसचं हार्डवेअर आयतं बसलेलं असताना त्यामागे लागायचं कारण नाही. कुलूप मजबूतच आहे. बिघाड किल्लीत आहे.

एकच किल्ली सगळीकडे. हे पाप मी स्वतः केलेलं आहे, म्हणून जरा लांबण लावते. बारा-तेरा वर्षांपूर्वी मी ज्या कंपनीत होते तिथे आम्ही गावच्या पाणीपुरवठ्याच्या मोटरी आणि व्हॉल्व्हसाठी डबे बनवले. फुलंब्री, सिल्लोड, कन्नड मिळून तीनशेच्या वर. सगळ्यांत एकच किल्ली, कारण कारखान्यात एकच फाइल चढवणं सोपं पडायचं. सर्व्हिसला जाणाऱ्या एका पोराच्या लॅपटॉपवर ती फाइल होती. तो नोकरी सोडून गेला, लॅपटॉप परत आला नाही. त्याने काही केलं असं मी म्हणणार नाही; तसं काही कधी दिसलं नाही. पण त्या दिवसापासून ‘पाणी कोणी सोडलं?’ या प्रश्नाला आमच्याकडे उत्तर उरलं नाही. दूरवरून सॉफ्टवेअर बदलायची सोय नव्हती. मग मे महिन्यात दोन पोरं आणि मी, मोटरसायकलवर, गावोगाव. पॅनल उघडायचं, केबल लावायची, किल्ली बदलायची. एका डब्याला दहा मिनिटं पुरायची. डब्यापर्यंत पोचायला कधीकधी अर्धा दिवस, कारण पंपघराची चावी असलेला माणूस लग्नाला गेलेला असायचा. तीन आठवडे गेले. तेव्हापासून किल्लीच्या बाबतीत मी पहिला प्रश्न हाच विचारते: ही बाहेर गेली तर मला किती गावं फिरावी लागतील?

मोठ्यांकडूनही हेच झालंय. २०१६मध्ये काही संशोधकांनी फिलिप्सच्या ह्यू दिव्यांची एक चाचणी जाहीर केली. त्यांत आदी शमीर होते, आरएसए या प्रसिद्ध कूटपद्धतीच्या नावातल्या ‘एस’चे मानकरी. दिव्यातली चिप वीज कशी खाते त्याचे बारीक चढउतार मोजून त्यांनी सॉफ्टवेअर अपडेट तपासणारी एईएसची किल्ली काढली. त्या प्रकारच्या सगळ्या दिव्यांना ती एकच होती, त्यामुळे एका दिव्यातून शेजारच्या दिव्यात पसरणारा किडा, म्हणजे घातक प्रोग्राम, बनवता येतो हे दिसून आलं. कंपनीला त्यांनी आधी कळवलं होतं. एईएसमध्ये खोट निघाली नाही. एका दिव्याची किल्ली सगळ्या दिव्यांची निघाली, खोट ती.

उलट चांगला नमुना तुमच्याच डब्यात बसलाय: सिम कार्ड. प्रत्येक सिमची स्वतःची १२८ बिटांची किल्ली असते, तिची जोड फक्त ऑपरेटरकडे. ती हवेतून कधीच जात नाही. नेटवर्क एक आकडा फेकतं, सिम आपल्या किल्लीने त्यावर गणित करून उत्तर देतं, ऑपरेटर ते पडताळतो. सिम चोरीला गेलं तर तेवढं एक बंद. बाकी देशाला पत्ताही लागत नाही. जुन्या टू-जीत एक उणीव होती, सिम स्वतःची ओळख द्यायचं पण टॉवरकडून मागायचं नाही, म्हणून खोटा टॉवर उभा करता यायचा. थ्री-जीपासून ओळख दोन्हीकडून होते. तुमचा नकाशा हाच ठेवा: किल्ली डब्यागणिक वेगळी, आणि ओळख दोन्हीकडून.

प्रत्यक्षात कसं? हे तुमच्या संख्येवर अवलंबून आहे. लाखभर डबे असते तर मी एका मूळ किल्लीतून सिरियल नंबर वापरून प्रत्येकाची किल्ली काढायची पद्धत सुचवली असती, पण तिथे मूळ किल्ली तिजोरीसारख्या हार्डवेअरमध्ये ठेवावी लागते. ती गेली की सगळंच गेलं. हजार डब्यांना इतका खटाटोप नको. टेस्टिंगच्या टेबलावर प्रत्येक डब्यासाठी नवीन किल्ली तयार करा, एक प्रत डब्यात, एक सर्व्हरच्या डेटाबेसमध्ये. आणि वाहतुकीसाठी स्वतःचं कूटलेखन लिहू नका. टीएलएस घ्या, म्हणजे वेबसाइटवरच्या कुलपाच्या खुणेमागे असते तीच तयार सुरक्षित जोडणी; एमक्यूटीटीसाठी त्याचं ठरलेलं पोर्ट ८८८३ आहे. ईएसपी३२च्या साधनसंचात ते आयतं मिळतं. मेमरी काही दहा केबी खातं आणि दरवेळी नव्याने जोडताना थोडा डेटा जातो, तेवढं सोसा. डब्याला स्वतःचं प्रमाणपत्र, म्हणजे ओळख पटवणारी डिजिटल फाइल, देता आलं तर उत्तम. नाही जमलं तर टीएलएसच्या आत डब्यागणिक वेगळा लांब पासवर्ड, तोही चालेल. डीलरसमोर प्रमाणपत्र जास्त शोभतं, पण वेगळेपणा दोन्हींत आहे.

दोन ठिकाणी मात्र हमखास घसरगुंडी होते. एक, सर्व्हरचं प्रमाणपत्र न तपासणं. जोडणी जमत नाही म्हणून कोणीतरी ‘सेट-इनसिक्योर’ची एक ओळ टाकतो, जोडणी होते, सगळे खूश, आणि ती ओळ तशीच विक्रीला जाते. मग निरोप कूटबद्ध जातो खरा, पण कोणाला जातो ते माहीत नाही. टीएलएस फोर-जी मॉड्यूलमध्ये चालवत असाल तर तिथेही बघा; पुष्कळ मॉड्यूलमध्ये ही तपासणी सांगितल्याशिवाय चालू होत नाही. दुसरी घसरगुंडी ब्रोकरच्या परवानग्यांची. डब्याची ओळख पटली म्हणजे त्याला सगळीकडे मोकळं रान नाही. क्रमांक ५७च्या डब्याने ५७च्याच टॉपिकवर ऐकावं-बोलावं, एवढीच परवानगी. हे विसरलं तर ओळख पटवून आत आलेला एक डबा शेजाऱ्याची मोटर चालवू शकतो.

इथपर्यंत वाट सुरक्षित झाली आणि माणूस ओळखू आला. शिळ्या हुकमाचं काय? तो टीएलएसने अडत नाही, कारण टीएलएसची नळी डब्यापासून ब्रोकरपर्यंत. ब्रोकरनेच जुना निरोप जपला तर नळी काय करणार? आणि इथेच आपल्याकडची लाईट मध्ये येते. शहरी पुस्तकं गृहीत धरतात की यंत्राला वीज आहे, घड्याळ आहे, स्मृती आहे. आपला डबा दिवसातून दहा वेळा मरतो आणि जन्मतो.

घड्याळाचं बघा. बॅटरीवालं घड्याळ नसेल तर डबा उठतो तो १ जानेवारी १९७०ला. त्या तारखेला तुमच्या सर्व्हरचं प्रमाणपत्र ‘अजून सुरूच झालेलं नाही’, म्हणून तपासणी नापास. ‘सेट-इनसिक्योर’ टाकणाऱ्यांतल्या बऱ्याच जणांचं मूळ दुखणं हे असतं. उपाय: आधी मोबाइल नेटवर्ककडून वेळ घ्या, सॉफ्टवेअर तयार केलं त्या तारखेच्या मागची वेळ कधीच स्वीकारू नका, आणि शेवटची माहीत असलेली वेळ अधूनमधून फ्लॅशमध्ये, म्हणजे वीज गेली तरी टिकणाऱ्या स्मृतीत, लिहा.

मग अनुक्रमांक. प्रत्येक हुकमाला चढता क्रमांक द्यायचा आणि जुना क्रमांक नाकारायचा ही जुनी, चांगली रीत. पण क्रमांक रॅममध्ये ठेवला तर लाईट गेल्यावर शून्य होतो आणि कालचे सगळे हुकूम पुन्हा खरे ठरतात. दर हुकमाला फ्लॅशमध्ये लिहिला तर फ्लॅश झिजते. एका जागी साधारण लाखभर वेळा लिहिण्याची तिची ताकद. जीसीएम ही एईएसची दुसरी पद्धत वापरत असाल तर धोका आणखी मोठा: तिथे त्याच किल्लीखाली तोच नॉन्स (एकदाच वापरायचा आकडा) पुन्हा आला, तर नुसता एक निरोप उघडा पडत नाही, खोटे निरोप बनवायची वाटही मोकळी होते.

म्हणून मी डब्यांत वेगळी रीत वापरते, सिमकडूनच उचललेली. डबा उठला आणि जोडला गेला की तो स्वतः १६ बाइटचा एक यादृच्छिक, म्हणजे कोणाला अंदाज न येणारा, आकडा काढतो आणि सर्व्हरला कळवतो: आजच्या या जागेपणीची माझी खूण ही. सर्व्हरने यापुढच्या प्रत्येक हुकमात ती खूण आणि एक चढता क्रमांक घालायचा, आणि सगळ्यावर डब्याच्या किल्लीने एचमॅकची, म्हणजे ती किल्ली नसलेल्याला बनवता न येणारी, मोहोर मारायची. डबा मोहोर तपासतो, खूण आपलीच आहे ना बघतो, क्रमांक पुढचा आहे ना बघतो. लाईट गेली, पुन्हा आली, की नवी खूण. जुने सगळे हुकूम आपोआप रद्दी. घड्याळ नको, फ्लॅशची झीज नको. घनसावंगीची मोटर यामुळे रात्री दोनला गप्प राहिली असती. रिटेनची खूण काढायची ती काढाच, पण या रीतीत ती राहिली तरी अपाय होत नाही.

एक खाच आहे आणि ती नेमकी तुमच्या डिझाइनमध्ये आहे. ईएसपी३२मधलं यादृच्छिक आकडे काढणारं हार्डवेअर खरा यादृच्छिकपणा घेतं तो वायफाय किंवा ब्लूटूथचा रेडिओ चालू असताना. तुम्ही बाहेरचं फोर-जी मॉड्यूल लावलंय आणि वीज वाचवायला वायफाय बहुतेक बंद ठेवलं असेल. मग आकडे दिसायला वेडेवाकडे येतील, पण त्यांच्यावर भरवसा ठेवता येणार नाही. अंतर्गत एडीसीच्या (व्होल्टेज मोजणाऱ्या भागाच्या) गोंगाटातून बी, म्हणजे सुरुवातीचा आकडा, घेण्याची सोय चिपमध्ये आहे. सुरुवातीला ती चालू करून बी घ्या, मग बंद करा. ही बारीक गोष्ट वाटेल. २०१२मध्ये इंटरनेटवरच्या उपकरणांच्या किल्ल्या गोळा करून तपासल्या तेव्हा असंख्य राउटर आणि तत्सम डब्यांच्या किल्ल्या एकमेकांशी जुळलेल्या निघाल्या होत्या. कारण हेच: नुकत्याच उठलेल्या डब्याकडे यादृच्छिक म्हणावं असं काही नसतं.

एसएमएस आणि मिस्ड कॉलवर मोटर चालवायची मागणी तुमच्याकडे येणारच. डेटा नसतो तिथे शेतकरी तेच मागतो. तिथे ओळख म्हणजे फक्त फोन नंबर, आणि नंबराची नक्कल करता येते. मी मिस्ड कॉलला फक्त ‘बंद’ देते, ‘चालू’ नाही. शेजाऱ्याने खोडसाळपणाने मोटर बंद केली तर पाळी चुकेल, भांडण होईल. चालू केली तर विहिरीत उतरलेला माणूस जाऊ शकतो.

आता डबा स्वतः. तो बांधावर, बाभळीच्या खाली, स्क्रूड्रायव्हरने उघडेल अशा पेटीत आहे. तुमचा ‘हॅकर’ परदेशातला कोणी असेल असं मला वाटत नाही. बांधाचा वाद असलेला चुलत भाऊ, हिशेबावरून बिनसलेला डीलर, नाहीतर तुमच्यासारखाच डबा काढू पाहणारा दुसरा कारागीर. त्यांना फ्लॅश वाचता येऊ नये म्हणून फ्लॅश एन्क्रिप्शन (फ्लॅशमधला मजकूर कूटबद्ध ठेवणं) आणि सिक्योर बूट (फक्त तुमच्या सहीचं सॉफ्टवेअर चालू देणं) चालू करा, चिप आतून तपासायचं जेटॅग हे दार बंद करा, सिरियल पोर्टवर पासवर्ड छापणारी ओळ काढा. (शेवटचं हसू नका, मी विक्रीतल्या मालात पाहिलंय.) हे पक्कं करणारा चिपमधला ई-फ्यूज एकदा जळला की परत येत नाही, तेव्हा आधी चार-पाच बोर्ड बळी द्यायची तयारी ठेवा, माझे सात गेले. हे अभेद्य आहे असं नाही. चिपच्या विजेला क्षणभर झटका देऊन ईएसपी३२चं हे संरक्षण चुकवता येतं हे २०१९मध्ये जाहीर झालं आणि पुढच्या आवृत्तीत कंपनीला बदल करावे लागले. पण किल्ली डब्यागणिक वेगळी असेल तर एवढी मेहनत करून त्याच्या हाती काय लागतं? ज्याच्यासमोर तो आधीच स्क्रूड्रायव्हर घेऊन उभा आहे त्याच एका मोटरची किल्ली. मोटर तर तो वायर जोडूनही चालवू शकला असता. म्हणून किल्ली सांभाळणारी वेगळी चिप तुमच्या किमतीच्या डब्यात मी आत्ता तरी घालणार नाही.

सॉफ्टवेअर दूरवरून बदलायची सोय मात्र पहिल्या दिवसापासून हवी, आणि अपडेटवर तुमची डिजिटल सही. इथे दोन किल्ल्यांची पद्धत: सही करणारी खासगी किल्ली तुमच्याकडे, तपासणारी सार्वजनिक डब्यात. सार्वजनिक किल्ली सगळ्या डब्यांत एकच असली तरी चालते, तिच्याने सही करता येत नाही. ह्यूच्या दिव्यांत असं असतं तर दिवा उघडून कोणाला काही मिळालं नसतं. खासगी किल्ली सर्व्हरवर ठेवू नका. पेनड्राइव्हवर दोन प्रती, दोन वेगळ्या कपाटांत. आणि डब्यात कुठलं मूळ प्रमाणपत्र (ज्याच्या भरवशावर बाकीची प्रमाणपत्रं तपासतात ते) घातलंय आणि ते कधी संपतं ते लिहून ठेवा. ३० सप्टेंबर २०२१ला फुकट प्रमाणपत्रं देणाऱ्या लेट्स एन्क्रिप्टच्या साखळीतलं एक जुनं मूळ प्रमाणपत्र संपलं आणि जगभर कितीतरी जुनी उपकरणं एका दिवसात मुकी झाली. मोटर, बोअर दहा-दहा वर्षं चालतात. तुमचा डबाही तेवढाच चालेल असं शेतकरी धरून चालतो. स्वतःच्या डब्यांसाठी स्वतःचं मूळ प्रमाणपत्र, लांब मुदतीचं, असं मी करते.

राहिली माणसं. डीफॉल्ट पासवर्ड ठेवू नका. २०१६चा मिराई नावाचा किडा साठेक ठरावीक युजरनेम-पासवर्डच्या जोड्या टाकून लाखो कॅमेरे आणि राउटर ताब्यात घेत सुटला होता. कूटलेखनाला त्याने हातही लावला नाही. आपल्या दूरसंचार खात्याच्या टीईसीने (दूरसंचार अभियांत्रिकी केंद्राने) २०२१मध्ये ग्राहकोपयोगी आयओटीसाठी, म्हणजे इंटरनेटला जोडलेल्या वस्तूंसाठी, जी आचारसंहिता काढली तिचा पहिला मुद्दाच हा आहे, डीलरला दाखवायला उपयोगी पडेल. डब्यावरचा क्यूआर कोड नुसता स्कॅन करून मालकी मिळू देऊ नका, त्याचे फोटो बिलासोबत व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतात. स्कॅन केल्यावर पेटीतलं बटण पाच सेकंद दाबावं लागेल असं ठेवा. आणि हक्क काढून घेणं सोपं करा. सालगडी पाडव्याला बदलतो. शेत यंदा बटईने एकाकडे, पुढच्या साली दुसऱ्याकडे. जुन्या गड्याच्या मोबाइलमध्ये अ‍ॅप तसंच राहतं. मालकाला एका पानावर ‘माझी मोटर कोण कोण चालवू शकतं’ ही नावं दिसली पाहिजेत आणि नावापुढे ‘काढा’चं बटण पाहिजे. माझ्याकडे आलेल्या ‘मोटर हॅक झाली’च्या तक्रारींत बहुतेक वेळा जुन्या गड्याचा फोनच निघालाय, आणि त्याचाही वाईट हेतू नसायचा, पोराने खेळता खेळता बटण दाबलेलं.

विकलेल्या १४०चं काय करायचं, ते त्यांना दूरवरून अपडेट करता येतं का त्यावर आहे. येत असेल तर आधी सर्व्हरच्या बाजूने होईल ते आजच करा: रिटेन बंद, साठलेले हुकूम पुसा, टॉपिकच्या परवानग्या बांधा. मग अपडेटमधून प्रत्येक डब्याला नवी किल्ली द्या, पण आधी अपडेट टीएलएसवरून जाईल असं करा, नाहीतर नवी किल्ली जुन्या उघड्या वाटेनेच जाईल. अपडेट येत नसेल तर मोटरसायकल काढा. १४० आहेत, जमतील. हजार झाल्यावर जमणार नाहीत, म्हणून डीलरकडे दोन महिने मागून घ्या. तो कुरकुरेल. पण ऑर्डर गेली तरी चालेल, हजार डब्यांत ती जुनी किल्ली जाऊ देऊ नका.

आणि हे वाचून झालं की घनसावंगीच्या त्या गिऱ्हाइकाला फोन लावा. ऑटो आहे का ते विचारा, आणि डबा दुरुस्त होईपर्यंत मोटरला किंवा पाइपाला हात लावायच्या आधी, अ‍ॅपमध्ये ‘बंद’ दिसत असलं तरी, मेन स्विच खाली ओढून फ्यूज काढून खिशात ठेवायला सांगा.